मागवळच्या खेळात घटका कशी वळवावी: वाटीपासून वसुलीपर्यंत

मागवळच्या बैठकीत घटका वळवायची, म्हणजे झालेला काळ मागे न्यायची, वेळ आली की हमखास वाद होतो. जळालेलं गोदाम परत उभं राहिलं का, जखम भरली का, कोणाला काय आठवतंय आणि उसनी घेतलेली घटका कोणाच्या नावावर मांडायची. नियम फार नाहीत, पण ते उलट्या क्रमाने वापरले जातात. आधी घटका मोजायची भोकाची वाटी पाण्यात सोडतात, मग जामीन शोधतात, आणि खुंटी (जिथवर मागे जायचं ती खूण) ठोकलेलीच नव्हती हे सगळ्यात शेवटी कळतं. तोवर वाटी बुडालेली असते.

पहिल्यांदाच बसणाऱ्यांसाठी थोडक्यात. मागवळ हा फासे, कागद आणि बोलणं यांवर चालणारा भूमिकांचा खेळ. एक सूत्रधार, तीन ते सहा खेळगडी. खोरं कल्पनेतलं असलं तरी त्याचा घाट आपल्याच खानदेशाचा: वरच्या अंगाला सातपुड्यासारखी रांग, मधून पश्चिमेला जाणारी वळती नावाची नदी, काळी जमीन, कापूस, केळी आणि उन्हाळ्याच्या दुपारी रस्त्यावर चिटपाखरू नाही. तिथे काळ फुकट मिळत नाही, उसना मिळतो. कोणीतरी जामीन राहतो, वहीत नोंद होते, सवाईने फेड होते. विधीतली प्रत्येक पायरी या उसनवारीतूनच निघते, म्हणून पायऱ्यांची अदलाबदल चालत नाही.

पायरी १: कोणता विधी ते एका वाक्यात सांगा

मागवळात काळाशी तीन व्यवहार होतात: घटका थांबवणं, पुढची घटका आधीच ओढून घेणं आणि झालेली घटका वळवणं. थांबवायला वाटी लागत नाही, थाळीचा नाद पुरतो. ओढून घेताना माणूस स्वतःच्याच उद्यातून उचल घेतो, त्यामुळे तिथे जामिनाचं काम नाही. इथे फक्त वळवण्याबद्दल.

विधी मागणाऱ्याने सूत्रधाराला एकच वाक्य सांगायचं: कोणत्या खुंटीपर्यंत वळवायचं आणि काय वाचवायचं आहे. "जरा मागे जाऊ या" एवढ्यावर विधी सुरू करू नका. काय वाचवायचं ते आधी सांगितलं नाही तर विधी संपल्यावर प्रत्येकाची अपेक्षा वेगळी निघते.

एका विधीत जास्तीत जास्त एकच घटका वळते. दिवसाच्या ६० घटका, घटकेची ६० पळं. म्हणजे घटका २४ मिनिटांची आणि पळ २४ सेकंदांचं. पाठोपाठ दोन विधी करून दोन घटका मागे जाता येत नाही. पहिला विधी पुरा होताच खुंटी उपटली जाते, आणि खुंटीशिवाय दुसरा विधी नाही.

पायरी २: वाटी तयार करा

टेबलावर खरी वाटी तरंगवायची. मोबाइलच्या टायमरनेही काम भागतं, पण मग सगळे आकड्यांकडेच बघत बसतात. वाटी नेमकी केव्हा बुडेल ते कोणालाच माहीत नसतं, त्यामुळे बोलण्यात खरी घाई येते. ही घाई विधीचा भाग आहे.

पूर्ण घटकेची वाटी टेबलावर फार लांबते. म्हणून पाव घटकेची करा: ६ मिनिटं, म्हणजे १५ पळं. या पाव घटकेत खेळातली एक पूर्ण घटका वळते.

जवळजवळ सरळ काठाची वाटी निवडा, स्टीलची किंवा तांब्याची. तोंड ८ सेंटिमीटर, उंची ३ सेंटिमीटर, वजन ६० ग्रॅमच्या आसपास. बुडाच्या बरोबर मध्यावर १ मिलिमीटरचं भोक. अशी वाटी साधारण सहा ते सात मिनिटांत बुडते. खाली निमुळत्या होत जाणाऱ्या वाटीत पाणी कमी मावतं, वजनाचाही हिशेब बदलतो, त्यामुळे ती आधी रिकाम्या वेळात मोजून बघा.

भोकाच्या बाबतीत सगळ्यात जास्त चुका होतात. खिळा ठोकून पाडलेलं भोक दोन मिलिमीटरच्या घरात जातं आणि वाटी दीड-दोन मिनिटांत तळ गाठते. भोक दुप्पट रुंद झालं की वेळ निम्मा होत नाही, चौथाई होतो, कारण पाणी शिरायची जागा चौपट झालेली असते. १ मिलिमीटरचा ड्रिल बिट वापरा, वाटीच्या खाली लाकडाचा ठोकळा ठेवा आणि दाब न देता फिरवा. जमत नसेल तर भांडी दुरुस्त करणाऱ्याकडून पाडून घ्या. भोकाच्या कडेला धातूची कूस राहते, ती दोन्ही बाजूंनी काचपेपरने घासून काढा. भोक मध्यापासून बाजूला सरकलं असेल तर वाटी पाणी भरताना कलते आणि काठावरून पाणी घेऊन आधीच बुडते. अशा वाटीवर वेळ घालवू नका, दुसरी घ्या.

भोक किंचित लहानच ठेवा. वाटी साडेसहा मिनिटं घेत असेल तर उत्तम, कारण वेळ कमी करणं सोपं आहे. वाटीत वजन घातलं की ती पाण्यात जास्त खोल बसते, पाणी जोराने आत येतं आणि भरायची जागाही कमी उरते. वर सांगितलेल्या मापाच्या वाटीत पाच ग्रॅम वजनाने अर्ध्या मिनिटाच्या आसपास फरक पडतो. तांब्याच्या तारेचं कडं करून बुडाशी बसवा, नाणं टाकू नका. नाणं सरकून भोकावर येतं. उलट वाटी पाच मिनिटांतच बुडत असेल तर वजनाने ती लांबवता येत नाही. डाख देऊन भोक बुजवा आणि पुन्हा पाडा.

घंगाळ वाटीच्या किमान तिप्पट रुंद आणि दुप्पट खोल हवं. घंगाळ नसेल तर पातेलं चालेल, मात्र धातूचंच. वाटी तळाला टेकल्याचा टणत्कार सगळ्यांना ऐकू यायला हवा, प्लॅस्टिकच्या टबात तो मिळत नाही. अरुंद भांड्यात तरंगती वाटी काठाकडे ओढली जाते, तिथे चिकटून कलते.

सावधान: वाटी तेलकट असेल तर भोकाशी पाण्याचा मणी धरतो आणि पाणी आत येतच नाही. वाटी तासभर नुसती तरंगत राहू शकते. तांब्याला चिंच-मीठ, स्टीलला साबण लावा, भरपूर पाण्याने खळबळा आणि सोडण्याआधी ओलं बोट भोकावरून आतून-बाहेरून फिरवा. साबणाचा अंश राहिला तरी वेळ बदलतो.

सावधान: काही वाट्यांच्या बुडाला आत दबलेला खळगा असतो. सरळ सोडली की त्याखाली हवेचा बुडबुडा अडकतो आणि पाण्याऐवजी आधी हवा वर येते. वाटी तिरकी टेकवून सोडा.

पाणी गाळून घ्या. ज्या पाण्यात खेळणार त्याच पाण्यात वेळ मोजा. जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा ४४-४५ अंशांच्या घरात जातो, गच्चीवरच्या टाकीतलं पाणी हाताला चटका देतं. कोमट पाणी लवकर शिरतं आणि हिवाळ्यात मोजलेली वाटी उन्हाळ्यात थोडी आधी बुडते. पाणी माठातलं घेतलं तर हा फरक बराच आटोक्यात राहतो.

तपासा: पाच वेळा सोडा, पाचही वेळा मोबाइलवर वेळ लिहा. सगळ्यात कमी आणि सगळ्यात जास्त यांत दहा सेकंदांहून जास्त फरक असेल तर भोकाची कूस, तेलकटपणा किंवा बुडबुडा यांपैकी काहीतरी शिल्लक आहे.

पायरी ३: तिथी बघा

मागवळचा सूत्रधार खेळातला दिवस खऱ्या पंचांगावरून घेतो. सूर्योदयाला जी तिथी असते ती त्या दिवसाची. लागोपाठच्या दोन सूर्योदयांना एकच तिथी असली तर ती वृद्धी तिथी. जी एकाही सूर्योदयाला सापडत नाही ती क्षय तिथी. खेळात याचे अर्थ असे:

वृद्धी तिथीला काळ शिलकीत असतो. त्या दिवशी घेतलेली घटका जेवढ्यास तेवढी फेडायची, सवाई लागत नाही.

ज्या दिवसाच्या पोटात क्षय तिथी गेली त्या दिवशी विधी होत नाही, फक्त वसुली होते.

अमावस्येला नवी उसनवारी नाही. जुनी राहिली असेल तर ती सवाईवरून दिडीवर जाते.

अधिक महिन्यात, म्हणजे धोंड्याच्या महिन्यात, काळाला धनीच नसतो. जामीन लागत नाही. नवखे खेळगडी इथे हुरळून जातात आणि खोरंभर घटका वळवत सुटतात. मात्र धनी नाही म्हणून साक्षीही नाही. त्या महिन्यात वळवलेली घटका कोणालाच आठवत नाही, त्यामुळे सगळे तीच चूक पुन्हा करतात. विधी होतो, उपयोग शून्य.

संपूर्ण मोहिमेला एकच पंचांग धरा. बरीच पंचांगं मुंबईच्या सूर्योदयावर असतात आणि जळगावला सूर्य त्याआधी दहा-अकरा मिनिटं उगवतो. तेवढ्यानेही एखाद्या दिवसाची तिथी बदलू शकते. ऐनवेळी दुसरं पंचांग काढणाऱ्याला सूत्रधाराने थांबवावं.

पायरी ४: खुंटी ठोका

खुंटी म्हणजे जिथवर घटका वळेल ती जागा आणि तो क्षण. ती घटना घडण्याआधी ठोकावी लागते. संकट आल्यावर "आपण मघाशी खुंटी ठोकली होती असं धरू" ही मागणी येतेच येते; तिला स्पष्ट नकार द्या. एका टोळीची एका वेळी एकच खुंटी. ती एक घटका टिकते, त्यानंतर आपोआप सैल होते आणि विधी करायचा तर नव्याने ठोकावी लागते. प्रत्येक वेळी पळीभर तेल खर्ची पडतं, त्यामुळे खेळगडी उगाच दर दाराशी खुंट्या ठोकत नाहीत.

खेळगड्याने खुंटी जाहीर केली की सूत्रधाराने दोन कामं तिथल्या तिथे करायची. एक, टेबलावरच्या नकाशाचा आणि सोंगट्यांचा मोबाइलवर फोटो. दोन, प्रत्येकाचं बळ, जखमा, पिशवीतला ऐवज आणि दिव्यातलं तेल एका कागदावर. ही नोंद नसेल तर वळल्यानंतर कोण कुठे उभं होतं यावरून नवा वाद सुरू होतो आणि तो मिटवायला कोणताच विधी नाही.

खुंटीनंतर जे जे घडेल ते एका ओळीत एक घटना असं लिहीत जा. लिहिणारा खेळगडी ठरवून द्या. पुढे हाच साक्षी होणार असेल तर बरं.

तपासा: फोटोत सगळ्या सोंगट्या आल्या का? दिव्याचं तेल लिहिलं का? हे तेल हमखास राहतं.

पायरी ५: हद्द आखा

घटका सगळ्या जगाची वळत नाही. थाळी वाजवली की जिथवर ऐकू जाते तिथवरची वळते. मोकळ्या शेतात ३०० पावलं, गावात १००, नदीच्या घळीत वारा विरुद्ध असेल तर ५० सुद्धा. सूत्रधाराने पावलं आधी सांगावीत आणि नकाशावर खडूने गोल काढावा.

हद्दीच्या शिवेवरचे नियम वाचायला सोपे आहेत, खेळताना मात्र बहुतेकांचा पाय इथेच घसरतो. खुंटीनंतर जो हद्दीबाहेर गेला तो बाहेरच राहतो. तो परत आत दिसत नाही. त्याने नेलेली वस्तूही बाहेरच. म्हणजे चोर हद्द ओलांडून पळाला असेल तर घटका वळवून ऐवज हाती लागत नाही, रिकामी पेटी मात्र पुन्हा बंद होते. बाहेरून आत आलेला माणूस वळल्यावर शिवेवर उभा सापडतो, चक्रावलेला. वळतीचं पाणी कधीच वळत नाही. जे नदीत पडलं आणि वाहून गेलं ते गेलं, मग ते हद्दीत का असेना.

यातून खलनायकांना एक चाल मिळते: काम उरकायचं आणि आधी शीव गाठायची. सूत्रधाराने ती जरूर वापरावी. खेळगड्यांनीही विधी मागण्याआधी "हद्दीबाहेर कोण गेलं?" हा प्रश्न विचारावा.

पायरी ६: माणसं नेमा, वही लिहा

तीन माणसं लागतात. घटक्या वाटी सोडतो आणि दाणे सरकवतो. साक्षीला वळल्यानंतरही सगळं आठवतं, फक्त त्यालाच. जामिनाच्या नावावर घटका चढते. एकाच माणसाने दोन कामं घेऊ नयेत. टोळीत दोघंच उरले असतील तर विधी होत नाही, हे कडू असलं तरी तसंच ठेवा. सूट दिली की विधीची किंमतच जाते.

जामिनाबाबत तीन अटी. तो जिवंत हवा. त्याने स्वतःच्या तोंडाने "माझ्या नावावर मांडा" म्हणायला हवं. आणि आधीची थकबाकी नको. मेलेल्याला वाचवण्यासाठी त्यालाच जामीन करता येत नाही.

वहीतली नोंद अशी: तिथी, खुंटीची जागा, जामिनाचं नाव, एक घटका, फेड सवा घटका. सही जामिनाची. ही नोंद वाटी पाण्यात सोडण्याआधी पुरी व्हायला हवी. वाटी तरंगायला लागल्यावर जामीन शोधला तर सगळे एकमेकांकडे बघतात, मिनिट-दीड मिनिट जातं, आणि शेवटी जो सगळ्यात भिडस्त तो हो म्हणतो. मग पुढे महिनाभर तोच खेळगडी कुरकुरतो.

मागवळचं हिशेबी वर्ष आखाजी (अक्षय तृतीया) ते आखाजी. आपल्याकडे सालदाराचं साल जसं अक्षय तृतीयेला धरतात-सोडतात तसंच. आखाजीच्या दिवशी वहीत काही बाकी असेल तर ती फिटेपर्यंत त्या टोळीला खुंटी ठोकता येत नाही.

पायरी ७: प्रत्यक्ष विधी

मांडणी अशी: मधोमध घंगाळ, पाणी काठापासून दोन बोटं खाली. घंगाळाच्या डाव्या हाताला हरभऱ्याचे १५ दाणे, उजवा हात रिकामा. साक्षीपुढे घटनांची यादी. बाकीच्यांचे कागद पालथे.

घटक्या थाळी एकदा वाजवतो, "घटका, मांगे वय" (मागे वळ) म्हणतो आणि वाटी तिरकी टेकवून सोडतो. भोकातून पाण्याचा बारीक झरा वर आलेला दिसला की विधी सुरू. झरा दिसेपर्यंत कोणी बोलायचं नाही.

आता उलट उजळणी. शेवटची घटना आधी, मग तिच्या आधीची, असं करत खुंटीपर्यंत यायचं. प्रत्येक घटना मोठ्याने सांगायची आणि ती पुसली असं म्हणायचं. सांगितली की घटक्या एक दाणा डावीकडून उजवीकडे सरकवतो. एका पळात एक घटना, म्हणून दाणे १५. जी घटना सांगितली ती पुसली. जी राहिली ती राहिली.

उदाहरण घेऊ. टोळी जिनिंगच्या आवारात शिरली. खुंटी फाटकाशी ठोकली. मग कंदील पडला, सरकीच्या ढिगाने पेट घेतला, राखणदार ओरडला, गंगीचा हात भाजला, मागचं दार फोडलं. उजळणी अशी हवी: दार पुसलं, हात पुसला, ओरड पुसली, आग पुसली, कंदील पुसला. पाच दाणे.

हेच सुलट क्रमाने, कंदिलापासून, सुरू केलं तर पहिलाच दाणा वाया. उजळणी शेवटच्या घटनेपासून सुरू झाली नसेल तर मागचं कारण उपटता येत नाही. दाणा सरकतो, घटना तशीच राहते. आणि कंदील सांगायचाच विसरला तर काय? आग पुसली जाते, टोळी फाटकाशी परत येते, पण कंदील आत जमिनीवर पडलेलाच असतो. थोड्या वेळात सरकी पुन्हा पेटते, यावेळी टोळी बाहेर असताना. हात सांगायचा राहिला तर आगच झाली नाही तरी गंगीचा हात भाजलेला. अशी बिनकारणाची जखम मागवळात साध्या औषधाने भरत नाही, तिला "उरलेली" म्हणतात आणि गावातली माणसं तिच्याकडे बघून कुजबुजतात.

दोन घटना एका दमात सांगायची खोड सगळ्यांना असते. "ओरड आणि आग पुसली" असं म्हटलं तर दाणा एकच आणि पुसलं जातं ते पहिलं नाव, म्हणजे ओरड. साक्षीने यादीवर खूण करताना हे पकडावं, पण मधे टोकू नये. टोकण्यात पळ जातं. विधी संपल्यावर सांगावं.

पंधराहून जास्त घटना असतील तर काय सोडायचं ते आधी ठरवा. मोठी मारामारी झाली असेल तर प्रत्येक वार वेगळा धरू नका, ज्याने बळ बदललं तेवढेच वार यादीत ठेवा. तरीही आकडा जात असेल तर तो विधी करण्यात अर्थ नाही, पळून जा.

वाटी तळाला टेकली की घटक्या "घटका बुडनी" म्हणतो. त्यानंतर तोंडातून निघालेलं अर्धं वाक्यही धरू नका.

तपासा: उजवीकडचे दाणे आणि साक्षीच्या यादीवरच्या खुणा जुळतात का? जुळत नसतील तर दाणे खरे मानायचे.

पायरी ८: वळल्यानंतर

खुंटी ठोकताना घेतलेला फोटो उघडा, सोंगट्या जशाच्या तशा लावा, बळ-जखमा-तेल कागदावरून परत भरा. मग उरलेल्या घटना त्यावर चढवा. या क्रमानेच, नाहीतर उरलेली जखमही पुसली जाते.

आता खरी अडचण. टेबलाभोवती बसलेल्या सगळ्यांना काय घडलं ते माहीत आहे, पण खोऱ्यात फक्त साक्षीला. बाकीच्यांनी नेणतं राहायचं. नुसतं बजावून हे पाळलं जात नाही, म्हणून नियम असा: साक्षीला तीन वाक्यं मिळतात. त्यांत "पुढे", "होणार", "बघितलं" हे शब्द नकोत आणि आकडाही नको. "कंदील माझ्याकडे दे, मागच्या दाराची कडी आधीच काढ" असं बोलता येतं. ऐकायचं की नाही ते इतरांची पात्रं फासा टाकून ठरवतात. ज्याचा साक्षीवर विश्वास कमी त्याला कठीण फासा. त्यामुळे टोळीत सगळ्यात भरवशाच्या माणसाला साक्षी करावं, सगळ्यात हुशार माणसाला नव्हे. हुशारावर कोणी विश्वास ठेवत नाही.

पायरी ९: वसुली

एका घटकेची फेड सवा घटका: खेळात ३० मिनिटं, टेबलावर साडेसात. तेवढा वेळ जामिनाचं पात्र जागच्या जागी थिजतं आणि खेळगडी गप्प बसतो. अमावस्या उलटली असेल तर दिडी: खेळात ३६ मिनिटं, टेबलावर नऊ. वृद्धी तिथीची उसनवारी असेल तर सहाच. वसुलीसाठी वाटी एकदा सोडा, वरची मिनिटं मोबाइलवर मोजा.

वसुली कधी करायची ते सूत्रधाराच्या हाती. त्याच प्रसंगात करू नये, आणि जामीन कड्यावर लोंबकळत असताना तर नकोच. ते सूड उगवल्यासारखं दिसतं. चांगली वेळ म्हणजे जिथे जामिनाची उणीव भासेल पण टोळी त्याच्याविना तग धरेल. चमच्याने घंगाळावर दोन टोले दिले की वसुली सुरू झाली.

जे खेळगडी दरवेळी "आत्ता नको, पुढच्या बैठकीत" म्हणतात त्यांच्यासाठी आमच्याकडे चांगदेवी करणं असा शब्द रुळला आहे. तापी-पूर्णेच्या संगमावरचे चांगदेव काळाला चकवून १४०० वर्षं जगले अशी कथा आहे. एक पुढे ढकलणं चालवून घ्या, दुसऱ्यांदा दिडी लावा.

फसलं तर

वाटी नऊ मिनिटं झाली तरी बुडत नसेल तर मोती पडला असं धरा. चाळीसगावजवळच्या पाटणादेवीच्या परिसराशी भास्कराचार्यांचं नाव जोडलेलं आहे, आणि लीलावतीच्या लग्नात घटिकापात्राच्या भोकावर मोती येऊन मुहूर्त टळला ही दंतकथा बहुतेकांनी ऐकलेली असते. खेळातला नियम तिथूनच घेतला आहे. मोती पडला की घटका वळतही नाही आणि सुटतही नाही; हद्दीतली माणसं अडकून पडतात आणि जामिनाच्या नावावर दर पळाला एक पळ चढत राहतं. वाटी हाताने बुडवायची नाही. घटक्याने ती उचलून उपडी करायची. विधी रद्द, सांगितलेल्या घटनाही जशाच्या तशा परत, खुंटी गेली आणि फेड पूर्ण लागू. शत्रुपक्षाकडे खरोखरचा मोती असू शकतो, तेव्हा विधीआधी घंगाळात हात फिरवून बघणं हे घटक्याचं काम.

वाटी चार मिनिटांतच बुडाली तर दोष वाटीचा, खेळगड्यांचा नाही. सूत्रधाराने उरलेले दाणे मोजावेत आणि तेवढ्या घटना शांतपणे सांगू द्याव्यात. कोणाचा हात किंवा बाही लागून बुडाली असेल तर मात्र तसंच सोडून द्या.

पाणी सांडलं, लाइट गेली, कोणाचा फोन आला: वाटी चालूच राहते. अंधारातही टणत्कार ऐकू येतो.

बैठक संपल्यावर वाटी पुसून पालथी ठेवा. बोअरच्या पाण्याचा पांढरा क्षार भोकाच्या कडेला साठतो आणि दोन-चार बैठकींत वाटी मंद होते. सुईने कोरू नका, भोक वाढेल. लिंबाच्या रसात बुडवून ठेवा, खळबळा, आणि पुढच्या वेळी पाणी भरल्यावर खेळ सुरू व्हायच्या आधी एकदा मोजून घ्या.